विश्लेषण : दुखापत झाली, पण ‘कशी’ आणि ‘का’? मृत्यूच्या नोंदींना शिस्त लावणारे विल्यम फार कोण होते?

रुग्णालयाच्या अपघात विभागात विषबाधा झालेला रुग्ण येतो. डॉक्टर उपचार करतात, केसपेपर लिहितात. पुढे त्या केसपेपरवरून संगणकात एक छोटा कोड भरला जातो. जगभर वापरल्या जाणाऱ्या ‘आयसीडी-१०’ या आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात ‘एक्स ६०’ ते ‘एक्स ८४’ हे कोड एकाच गोष्टीसाठी राखून ठेवले आहेत. ती म्हणजे व्यक्तीने जाणूनबुजून स्वतःला केलेली इजा. हीच विषबाधा चुकून झाली असेल तर कोड वेगळा, दुसऱ्याने केली असेल तर वेगळा आणि हेतू कळलाच नसेल तर आणखी वेगळा.

शरीराला काय झाले आणि ते कसे घडले, हे दोन प्रश्न वेगळे ठेवण्याची पद्धत आज साधी वाटते. तिची मुळे मात्र १९व्या शतकातल्या लंडनमधील एका सरकारी कार्यालयात आहेत. तिथे जवळपास ४० वर्षे काम करणाऱ्या विल्यम फार यांनी मृत्यूची कारणे मोजण्याची घडी बसवली. आत्महत्यांच्या बातम्या कशा द्याव्यात, हा आजही चर्चेत असलेला प्रश्नही त्यांनी १८४१ मध्येच उपस्थित केला होता.

विल्यम फार कोण होते?

फार यांचा जन्म ३० नोव्हेंबर १८०७ रोजी इंग्लंडच्या श्रॉपशायर परगण्यातील केनली या खेड्यात झाला. घरची परिस्थिती गरिबीची होती. जोसेफ प्राइस या स्थानिक जमीनदाराने त्यांना लहानपणीच आपल्याकडे ठेवून घेतले आणि शिकवले. प्राइस यांचे १८२८ मध्ये निधन झाले. त्यांनी फार यांच्यासाठी ५०० पौंड ठेवले होते. त्या पैशांतून या तरुणाने पॅरिस गाठले आणि वैद्यकीय शिक्षण घेतले.

त्या काळी पॅरिसमध्ये वैद्यकशास्त्र वेगळे वळण घेत होते. पिएर लुई यांच्यासारखे डॉक्टर रुग्ण मोजू लागले होते. एखादा उपचार लागू पडतो की नाही, हे अनुभवी डॉक्टरच्या मतावर न सोडता आकड्यांवर तपासायचे, हा त्यांचा आग्रह होता. फार यांना आकड्यांची गोडी लागली ती इथेच. मायदेशी परतल्यावर त्यांनी १८३२ मध्ये औषधविक्रेत्यांच्या संस्थेचा परवाना मिळवला आणि लंडनमध्ये दवाखाना थाटला. मात्र दवाखान्यापेक्षा त्यांचे मन लेखनात जास्त रमले. १८३७ मध्ये एका मोठ्या ग्रंथासाठी त्यांनी जन्म, आजार आणि मृत्यू यांच्या आकडेवारीवर प्रकरण लिहिले आणि त्यांचे नाव झाले. त्याच वर्षी त्यांच्या पत्नीचे क्षयाने निधन झाले.

नोकरी कोणती मिळाली?

इंग्लंड आणि वेल्समध्ये १ जुलै १८३७ पासून जन्म, विवाह आणि मृत्यू यांची सरकारी नोंदणी सुरू झाली होती. तोपर्यंत ही नोंद चर्चच्या वह्यांमध्ये होत असे. नव्या नोंदवहीत मृत्यूच्या कारणासाठी स्वतंत्र रकाना होता. देशभरातून हजारो नोंदी लंडनच्या मुख्य नोंदणी कार्यालयात येऊ लागल्या. त्यांचे करायचे काय, हे मात्र ठरलेले नव्हते. १८३८ मध्ये फार या कार्यालयात दाखल झाले आणि नोंदींचा गोषवारा तयार करण्याची जबाबदारी त्यांच्यावर आली.

पहिली अडचण शब्दांचीच होती. एकाच आजाराला तीन-चार नावे होती आणि एकच नाव वेगवेगळ्या आजारांसाठी वापरले जात होते. काही ठिकाणी कारणाच्या रकान्यात नुसतेच ‘अचानक मृत्यू’ किंवा ‘ईश्वरेच्छा’ असे लिहिलेले असे. कोणी शेवटचे लक्षण लिही, कोणी मूळ आजार. अशा नोंदींची बेरीज केली तर हाती काहीच लागत नाही, हे फार यांनी पहिल्याच अहवालात मांडले. वजन-मापांशिवाय भौतिकशास्त्र पुढे सरकत नाही, तसे ठरलेल्या नावांशिवाय आरोग्याचे शास्त्र पुढे सरकणार नाही, अशी त्यांची भूमिका होती.

त्यांनी नावांची यादी केली आणि कोणता शब्द कोणत्या गटात धरायचा हे ठरवले. १८४५ मध्ये डॉक्टरांना मृत्यूच्या कारणाचे छापील कोरे दाखले पाठवण्यात आले. असा दाखला देणे कायद्याने बंधनकारक व्हायला मात्र १८७४ साल उजाडावे लागले.

भूकबळींच्या नोंदीवरून वाद का झाला?

कारणाचा रकाना दिसतो तेवढा निरुपद्रवी नाही, हे लगेचच दिसून आले. १८३९ च्या पहिल्या अहवालात फार यांनी उपासमारीने झालेल्या ६३ मृत्यूंची नोंद दाखवली. गरिबांसाठीच्या नव्या कायद्याची अंमलबजावणी करणाऱ्या आयोगाचे सचिव एडविन चॅडविक यांना हे मान्य नव्हते. सरकारी मदतीची व्यवस्था असताना लोक भुकेने मरतात, असे सरकारच्याच अहवालात छापून येणे त्यांना अडचणीचे होते. या मृत्यूंमागे इतर कारणे असावीत, असा त्यांचा युक्तिवाद होता.

फार मागे हटले नाहीत. नोंदीत दिसतात त्यापेक्षाही अधिक लोक अपुऱ्या अन्नामुळे आजारी पडून दगावतात, असे त्यांचे म्हणणे होते. या वादाने एक गोष्ट स्पष्ट झाली. मृत्यूचे कारण म्हणून जे लिहिले जाते, त्यावर पुढे कोणाची जबाबदारी ठरणार हे अवलंबून असते. जे रकान्यात येत नाही, त्यावर उपायही होत नाही.

आत्महत्येच्या नोंदीत कोणती अडचण होती?

आत्महत्येच्या बाबतीत तर कायदा, धर्म आणि समाज तिघेही नोंदीच्या आड येत होते. इंग्लंडमध्ये त्या काळी आत्महत्या हा गुन्हा होता. मृत व्यक्तीने शुद्धीवर असताना, जाणूनबुजून जीवन संपवले असे ठरले तर तिची मालमत्ता जप्त होऊ शकत होती. ही तरतूद १८७० मध्ये रद्द झाली. अशा व्यक्तीचे दफन १८८२ पर्यंत रात्रीच, धार्मिक विधींशिवाय करावे लागे.

हा निर्णय देत असे कोरोनरसमोरील ज्युरी. ज्युरी म्हणजे गावातलेच लोक. मागे राहिलेल्या बायको-मुलांवर ही वेळ येऊ नये म्हणून ते बहुतेक वेळा मृत व्यक्तीचे मानसिक संतुलन बिघडले होते, असा निष्कर्ष देत. थोडाही संशय असेल तर ‘मृतावस्थेत आढळला’ एवढेच लिहून प्रकरण खुले ठेवले जाई. त्यामुळे कुटुंब वाचत असे, पण आकडा अपुरा राहत असे.

फार यांनी उपलब्ध नोंदींचा अभ्यास करून वेगवेगळ्या व्यवसायांतील आत्महत्यांची तुलना केली. या प्रश्नाकडे पाप किंवा गुन्हा म्हणून न पाहता, कामाची परिस्थिती, वय आणि परिसर यांच्याशी जोडून पाहण्याचा तो सुरुवातीचा प्रयत्न होता.

वृत्तपत्रांना त्यांनी काय सांगितले?

१८४१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तिसऱ्या वार्षिक अहवालात फार यांनी एक थेट मुद्दा मांडला. आत्महत्या अनेकदा अनुकरणातून होते, त्यामुळे वृत्तपत्रातील एखादा परिच्छेदही आधीच खचलेल्या अनेकांच्या मनात तोच विचार आणू शकतो, असे त्यांचे म्हणणे होते. तापाच्या रुग्णांची सविस्तर हकिकत वृत्तपत्रे छापत नाहीत, मग आत्महत्येचीच का छापावी, असा त्यांचा सवाल होता. त्यांनी बातमीवर बंदी मागितली नाही, त्यांचा आक्षेप तपशिलांच्या रंगतदार वर्णनाला होता.

आज जागतिक आरोग्य संघटनेच्या माध्यमांसाठीच्या मार्गदर्शक सूचना जवळपास हेच सांगतात : पद्धतीचे वर्णन नको, जागेचा तपशील नको, एकच कारण ठोकून देणे नको, मदत कुठे मिळेल ते मात्र जरूर सांगा. नोंदणी कार्यालयातल्या एका संकलकाने हा मुद्दा १८० हून अधिक वर्षांपूर्वी लिहून ठेवला होता.

पाच वर्गांची यादी काय होती?

१८५३ मध्ये ब्रुसेल्समध्ये पहिली आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषद भरली. सगळ्या देशांना वापरता येईल अशी मृत्यूच्या कारणांची यादी तयार करण्याचे काम तिथे दोघांकडे सोपवण्यात आले. एक होते फार आणि दुसरे जिनिव्हाचे डॉक्टर मार्क देस्पिन.

फार यांनी पाच वर्ग सुचवले : साथीचे आजार, संपूर्ण शरीराला ग्रासणारे आजार, एकेका अवयवाचे आजार, वाढीशी निगडित आजार आणि हिंसेमुळे थेट होणारे मृत्यू. देस्पिन यांची मांडणी आजाराच्या स्वरूपावर होती. दोघांचे एकमत झाले नाही. अखेर १८५५ च्या पॅरिस परिषदेत दोन्हींचा मेळ घालून १३९ नोंदींची यादी मान्य झाली. ती सगळीकडे वापरात आली नाही, पण तिच्या मांडणीवर पुढच्या याद्या उभ्या राहिल्या.

या विषयासाठी महत्त्वाचा ठरला तो पाचवा वर्ग. इंग्लंडच्या अहवालांत या वर्गाचे पोटभाग पाडले गेले : दुर्घटना किंवा निष्काळजीपणा, युद्ध, हत्या, आत्महत्या आणि देहदंड. इथे विभागणीचा आधार जखम कुठे झाली हा नव्हता. जखम कोणामुळे आणि कोणत्या हेतूने झाली, हा होता. आजच्या कोडमध्येही अपघात, स्वतःला इजा, हल्ला आणि युद्ध असे जे भाग दिसतात, त्यांचे हे जुने रूप म्हणता येईल.

कॉलऱ्याने त्यांचे मत कसे बदलले?

फार यांना आकड्यांचा मान होता, आणि आकडे आपल्या विरोधात गेले तरी तो टिकला. १८४९ च्या लंडनमधील कॉलऱ्याचा त्यांनी बारकाईने अभ्यास केला. थेम्स नदीच्या पातळीपासून वस्ती जितकी उंच, तितके मृत्यू कमी, असे त्यांना दिसले. त्यावरून दूषित हवेमुळे कॉलरा होतो, या तेव्हाच्या प्रचलित समजाला त्यांनी दुजोरा दिला.

डॉ. जॉन स्नो यांचे म्हणणे वेगळे होते. कॉलरा पाण्यातून पसरतो, असे ते सांगत. फार यांना ते पटले नव्हते, तरीही १८५४ च्या साथीत त्यांनी स्नो यांना मृत्यूंची माहिती पुरवली. स्नो १८५८ मध्ये वारले. १८६६ मध्ये पूर्व लंडनमध्ये पुन्हा साथ आली, तेव्हा फार यांनी मृत्यूंची सांगड थेट पाणीपुरवठ्याशी घातली. बोट एका पाणी कंपनीकडे वळले. आपल्या जुन्या मताच्या विरोधातला निष्कर्ष त्यांनी स्वतःच अहवालात मांडला.

याच काळात त्यांनी गणकयंत्राचाही वापर केला. स्वीडनच्या शॉइट्झ पिता-पुत्रांच्या रचनेवर आधारित यंत्र नोंदणी कार्यालयाने बनवून घेतले होते. १८६४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंग्लंडच्या आयुर्मान तक्त्यांचा काही भाग या यंत्रावर तयार झाला. सरकारी आकडेवारीसाठी यंत्र वापरण्याच्या सुरुवातीच्या उदाहरणांपैकी हे एक.

भारताशी त्यांचा संबंध काय?

फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांच्या आरोग्य सुधारणांमागे फार यांच्या आकडेवारीचा मोठा आधार होता. १८५७ च्या उठावानंतर भारतातील लष्कराच्या आरोग्याची चौकशी करण्यासाठी १८५९ मध्ये शाही आयोग नेमला गेला. फार त्याचे सदस्य होते. भारतातील ब्रिटिश सैनिकांमध्ये वर्षाला हजारामागे ६९ मृत्यू होतात, असे आयोगाच्या १८६३ च्या अहवालातून समोर आले. यातले बहुतेक मृत्यू लढाईत नव्हे, तर टाळता येण्याजोग्या आजारांनी होत होते.

अखेरची वर्षे कशी गेली?

१८७९ मध्ये नोंदणी कार्यालयाचे प्रमुख जॉर्ज ग्रॅहम निवृत्त झाले. त्या जागेवर आपली नेमणूक होईल, अशी फार यांची अपेक्षा होती. सरकारने मात्र सर ब्रिजेस हेनिकर यांना पद दिले. दुखावलेले फार १८८० मध्ये बाहेर पडले. १४ एप्रिल १८८३ रोजी, वयाच्या ७५ व्या वर्षी लंडनमध्ये त्यांचे निधन झाले. ज्या कार्यालयाला त्यांच्यामुळे जगभर ओळख मिळाली, त्याचे प्रमुखपद त्यांना कधीच मिळाले नाही.

यादीचा कोड कसा झाला?

फार यांच्यानंतर हे काम पॅरिसचे सांख्यिकीतज्ज्ञ जॅक बर्तियाँ यांनी पुढे नेले. त्यांची यादी १८९३ मध्ये शिकागोत मान्य झाली. संपूर्ण शरीराचे आजार आणि एखाद्या अवयवाचे आजार वेगळे ठेवण्याचे फार यांचे तत्त्व त्यांनी कायम ठेवले. १९०० पासून ठरावीक काळाने सुधारणा होऊ लागल्या. १९४८ मध्ये हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे आले आणि सहाव्या आवृत्तीत मृत्यूंबरोबरच आजार व दुखापतीही आल्या. इजेचे स्वरूप आणि तिचे बाह्य कारण यांना दोन वेगळे कोड मिळाले.

दहाव्या आवृत्तीत ‘एस’ आणि ‘टी’ने सुरू होणारे कोड शरीराला काय झाले ते सांगतात. ‘व्ही’ ते ‘वाय’ने सुरू होणारे कोड ते कसे घडले ते सांगतात. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. जीव देण्याचा हेतू नसताना स्वतःला केलेली इजा हे लक्षण म्हणून वेगळे नोंदवण्याची सोय त्यात आहे.

हेतू ठरवतो कोण?

खरी अडचण इथेच आहे. हाडाचा फोटो काढता येतो, रक्त तपासता येते, हेतूची तपासणी नाही. वृद्ध रुग्णाने औषधाच्या गोळ्या जास्त घेतल्या, तर ती विसरभोळेपणाने झालेली चूक होती की आणखी काही, हे रुग्ण, नातेवाईक आणि डॉक्टर यांच्या बोलण्यातूनच कळते. कोड भरणाऱ्या कर्मचाऱ्याने तर्क करायचा नसतो. डॉक्टरने जे लिहिले आहे, त्यालाच कोड द्यायचा असतो. डॉक्टरने काहीच लिहिले नसेल तर नोंद दुसरीकडे जाते.

‘वाय १०’ ते ‘वाय ३४’ हे कोड माहिती अपुरी असल्याने हेतू ठरवता न आलेल्या घटनांसाठी आहेत. पण प्रत्येक देशाचा नियम सारखा नाही. अमेरिकेत हेतूची नोंदच नसेल तर इजा अपघाती धरली जाते. ब्रिटनमध्ये आत्महत्यांची अधिकृत आकडेवारी काढताना १५ वर्षांवरील व्यक्तींचे, हेतू न ठरलेले असे मृत्यूही मोजले जातात. त्यामुळे दोन देशांचे आकडे शेजारी ठेवण्याआधी नियम पाहावे लागतात. इंग्लंडमध्ये कोरोनरच्या चौकशीत आत्महत्येसाठी लागणारा पुराव्याचा निकष २०१८ मध्ये न्यायालयाने शिथिल केला. फार यांच्या काळातला प्रश्न अशा रीतीने २१व्या शतकातही न्यायालयापर्यंत गेला.

भारतात काय स्थिती आहे?

भारतात आत्महत्यांची वार्षिक आकडेवारी राष्ट्रीय गुन्हे नोंद विभाग (एनसीआरबी) पोलिसांच्या नोंदींवरून काढतो. २०१० मध्ये हा आकडा सुमारे १ लाख ३४ हजार होता. त्याच वर्षासाठी ‘लॅन्सेट’मध्ये २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाने सुमारे १ लाख ८७ हजारांचा अंदाज दिला. या अभ्यासासाठी प्रशिक्षित कर्मचाऱ्यांनी घरोघरी जाऊन कुटुंबीयांकडून मृत्यूची माहिती घेतली होती. पोलीस ठाण्यात जे सांगितले जात नाही, ते घरात विचारल्यावर कळते, असा त्याचा अर्थ. एनसीआरबीच्या २०२२ च्या अहवालात देशात १ लाख ७० हजार ९२४ आत्महत्या नोंदवल्या गेल्या. त्यात २२ हजार ७४६ नोंदींसह महाराष्ट्र पहिल्या क्रमांकावर होता.

वाचलेल्या रुग्णांची नोंद तर आणखी अवघड. असा रुग्ण आला की ‘एमएलसी’ होते, म्हणजे पोलिसांना कळवले जाते. चौकशीच्या भीतीने अनेक कुटुंबे अपघात झाला असेच सांगतात. भारतीय दंड संहितेच्या कलम ३०९ नुसार आत्महत्येचा प्रयत्न गुन्हा होता. मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ ने अशी व्यक्ती तीव्र तणावाखाली होती असे गृहीत धरून तिला शिक्षेपासून संरक्षण दिले आणि तिची काळजी घेणे ही सरकारची जबाबदारी ठरवली. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत जुने कलम ३०९ नाही. लोकसेवकाला कर्तव्यापासून रोखण्यासाठी केलेला प्रयत्न मात्र गुन्हा आहे.

अचूक कोडने फरक काय पडतो?

केसपेपरवर अपघात लिहिले गेले तर रुग्ण जखम भरून घरी जातो. समुपदेशक येत नाही, पुढच्या भेटीची तारीख दिली जात नाही. स्वतःला एकदा इजा केलेल्या व्यक्तीला पुढच्या काळात धोका जास्त असतो, म्हणून ही चूक महागात पडू शकते. नोंद बरोबर झाली तर तोच रुग्ण मानसोपचार विभागापर्यंत पोहोचू शकतो.

धोरणाच्या पातळीवरही तेच आहे. श्रीलंकेत कोणत्या कारणाने किती जीव जातात हे नोंदींतून स्पष्ट झाल्यावर अतिविषारी कीटकनाशकांवर टप्प्याटप्प्याने बंदी आली आणि १९९० च्या दशकाच्या मध्यानंतर आत्महत्यांचे प्रमाण मोठ्या प्रमाणात घटले. बंदीमुळे कोणाचे दुःख संपले नव्हते, पण संकटाच्या घटकेतून माणसे जिवंत बाहेर पडली. कारणाचा रकाना नीट भरला तर मरण टाळता येते, या फार यांच्या म्हणण्याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे कठीण.

*(तुम्ही किंवा तुमच्या जवळचे कोणी मानसिक तणावातून जात असेल, जगणे नकोसे वाटत असेल, तर एकटे राहू नका. केंद्र सरकारच्या ‘टेली-मानस’ या मोफत हेल्पलाइनवर १४४१६ या क्रमांकावर २४ तास बोलता येते. मराठीतही मदत मिळते.)*